लाल बासनातली अमेरिका

मी एक जुना, जाडजूड ग्रंथ आहे आणि सुरुवातीलाच कबूल करून टाकतो, मित्रांनो, मला थापा मारायची सवय आहे. त्यात माझा दोष थोडाच. माणसं स्वतःची गोष्ट सांगायला बसली की आठवणीला कशी फोडणी देतात, हे माझ्या पोटात साडेसहाशे पानं भरून लिहिलेलं आहे. आता जन्मभर फोडणीशेजारी राहिलेल्याच्या अंगाला वास येणारच!

खरं म्हणजे मी एक नाही, तीन आहे. जळगावच्या एका कॉलेजात इंग्रजी शिकवणाऱ्या प्राध्यापक योगराज सरांनी तीस वर्षांत तीन पुस्तकं लिहिली. पहिलं अमेरिकन साहित्यावर. दुसरं अमेरिकेतल्या आत्मचरित्रांवर. आणि तिसरं, एखादा समाज काय लक्षात ठेवतो आणि काय सोयीने विसरतो, यावर. या तिसऱ्या विषयाला विद्वान लोक सांस्कृतिक स्मृती म्हणतात. सरांची आई मंदाबाई त्याला 'लोकायच्या घरच्या भानगडी' म्हणते. दोघांचंही बरोबर आहे.

सर अमेरिकेला कधी गेले नाहीत. मिसिसिपी नदीवर त्यांनी चाळीस पानं लिहिली, ती तापीच्या पुलावर उभं राहून. पहिलं पुस्तक लिहिलं त्या वर्षी जळगावला असं ऊन पडलं होतं की हस्तलिखितातले स्वल्पविराम वितळून ओळींखाली ओघळले आणि पूर्णविराम लाह्यांसारखे फुटले. छापणाऱ्याने चिमटा घेऊन एकेक परत जागेवर बसवला. विश्वास बसत नसेल, तर एखाद्या मे महिन्यात जळगावला येऊन पाहा.

तिन्ही पुस्तकं मिळून आम्हाला अकरा जणांनी वाचलं. त्यातले दोघे प्रुफं तपासणारे होते. पण एका वाचकाने बोदवड स्टेशनच्या बाकावर बसून वाचता वाचता दोन गाड्या सोडल्या. तिसरी गाडी त्याच्यासाठी थांबून राहिली आणि पुढे काय झालं ते ऐकायला गार्ड खाली उतरला. गार्डाची थाप आहे. दोन गाड्या मात्र खऱ्या.

वापरून वापरून आमचे पाठीचे कणे मोडले. सरांच्या हातात वर्गात पुस्तक उघडलं की पानं पिंपळासारखी गळायची. एकदा परीक्षेच्या कामाला सर धुळ्याला गेले, तेव्हा आम्हा तिघांना पिशवीत घालून घेऊन गेले. तिथे कौतिक नावाचा बाइंडर होता. व्यापाऱ्यांच्या लाल चोपड्या बांधण्यात त्याचा हात धरणारा कोणी नव्हता.

"सर, हाई काय शे?" त्याने आम्हाला उलटंपालटं करून विचारलं.

"पुस्तकं आहेत, कौतिकभाऊ. इंग्रजी. तिन्ही एकत्र बांधा, म्हणजे एक हरवायची भीती नको."

"मी चोपडीसारखंच बांधस. मन्हा बाप बी तसंच बांधे. चाली का?"

सरांना वाटलं, बांधणं ते बांधणं. आठ दिवसांनी येऊन बघतात तर काय! तीन विद्वान पुस्तकांची एक चोपडी झाली होती. वर लालभडक कापड, त्यावर पांढऱ्या दोऱ्याची नागमोडी शिवण, गुंडाळायला हातभर लांब दोरी. आणि शेवटी अठ्ठेचाळीस जाड कोरी पानं.

"अहो, ही कोरी पानं कशाला?"

"चोपडीले कोरं पान लागसच, सर," कौतिक म्हणाला. "भरेल चोपडी म्हनजे मरेल चोपडी."

सर हसले आणि मला घेऊन आले. या अठ्ठेचाळीस पानांची आठवण ठेवा, मित्रांनो. मी थापाड्या असलो तरी उगाच काही सांगत नाही.

पुढची वर्षं माझी ऐटीत गेली. वर्गात मला टेबलावर ठेवलं की मागच्या बाकावरची कुजबुज आपोआप थांबायची. मुलांना वाटायचं, सर आज उधारी वसूल करणार. मग सर दोरी सोडायचे आणि चोपडीतून समुद्रापलीकडची माणसं बाहेर यायची. जंगलात झोपडी बांधून राहिलेली, सोन्याच्या मागे धावलेली, गुलामगिरीतून पळालेली. सरांचा आवाज तेव्हा असा लागायचा की व्हरांड्यातून जाणारे शिपाईदादा पाण्याची कळशी घेऊन दारातच उभे राहायचे.

मग सर निवृत्त झाले आणि पत्नीसह सावद्याला, आईच्या घरी राहायला आले. तिथे माझी विद्वत्ता कोणी विचारीना. मी पापडांवरचं वजन झालो. वाऱ्याने आपटणाऱ्या दाराला टेकण झालो. महिनाभर तर मागच्या खोलीत, पिकायला ठेवलेल्या केळीच्या घडांशेजारी पडून होतो. त्याचा एक फायदा झाला. माझं सातवं प्रकरण कच्चं आहे, असं एका परीक्षकाने पूर्वी लिहिलं होतं. महिन्याने सरांनी उघडून पाहिलं, तर पिकून पिवळं झालेलं!

एके दिवशी मंदाबाईंचा पाय मला लागला. ब्याऐंशी वर्षांची बाई, पण वाकून नमस्कार केला आणि मुलाला हाक मारली.

"योगराज, हे इद्येचं पुस्तक पायात काबरं पडलं रे? तुह्या डोक्यातली अमेरिका अढी उंबऱ्यात लोळून राह्यली."

त्यांनी लुगड्याचं लाल कापड फाडून मला बासन केलं. आडवी-उभी दोरी बांधून तिला दोन गाठी मारल्या, वरची गाठ उलटी. बाहेरच्या खोलीतल्या उंच फळीवर मला ठेवलं. दसऱ्याला फूल वाहायला लागल्या. माझं नाव पडलं, 'अमेरिकेची पोथी'. मान वाढला, पण उघडणं बंद झालं. पुस्तकाची पूजा करून त्याला न उघडणं म्हणजे पाहुण्याला पाटावर बसवून ताटच न वाढणं. मी फळीवर बसून उपाशी होतो.

त्या घरात एकाच माणसाला माझी आठवण असायची. सरांची एकुलती एक मुलगी, भूमिका. सत्तावीस वर्षांची. शेतकी कॉलेज करून आली आणि आजोबा गेल्यावर बारा एकर केळी तिनेच हातात घेतली. सकाळी ठिबकच्या नळ्या तपासायची, दुपारी व्यापाऱ्याशी वाद घालायची, आणि शेतातून आली की फळीकडे बघून म्हणायची, "काय अमेरिका, बरी आहेस ना?" तेवढ्यावर माझा आठवडा जायचा.

आता खरी गोष्ट येते. सावरून बसा.

दिवाळी झाली, थंडी पडली, बाजारात भरिताची हिरवी वांगी आली आणि त्यांच्या पाठोपाठ बऱ्हाणपूरकडून रुपचंद भाट आले. भाट म्हणजे कोण, ते सांगतो. या भागातल्या जुन्या घराण्यांची वंशावळ भाटाच्या वहीत असते. कोणाचा कोण मुलगा, कुठल्या गावाहून कुठे आला, सगळं. दर काही वर्षांनी भाट येतो, नव्याने जन्मलेल्या मुलांची नावं लिहितो, आणि दुसऱ्या दिवशी सगळ्या भाऊबंदांना बसवून वही वाचतो. सभेत वाचलं की नाव पक्कं झालं.

फक्त या वहीत बायकांची नावं नसतात. आणि ज्याला मुलगा नाही, त्याच्या नावापुढे भरल्या सभेत एक आडवी रेघ ओढतात. वंश इथे थांबला, अशी खूण. एकदा ओढलेली रेघ पुसत नाहीत.

रुपचंदबाबा सत्तरीचे. पांढरा फेटा, कानात बाळी, आवाज देवळातल्या घंटेसारखा. सकाळी नावं लिहून झाली. वही बासनात बांधता बांधता ते हळू आवाजात म्हणाले, "अक्का, उद्या योगराजभाऊंच्या पुढं रेघ येईन. मनाला लावून घेऊ नका."

मंदाबाई भाकरी थापत होत्या. हात थांबला.

"रेघ काबरं? माही नात नही का?"

"दस्तूर हाये, अक्का. पोरीचं नाव वहीत लागत नही."

"बन्सीलालभाऊजींच्या घरचा नातू सा महिन्यायचा. अजून त्याले पालथं पडता येत नही. त्याचं नाव लागलं. अन् बारा एकर केयी उभी केली त्या पोरीपुढं रेघ?"

"मी काय करू? माझ्या आज्यापासून असंच चालू हाये."

योगराज सर तिथेच होते. त्यांनी वर्तमानपत्राचं पान उलटलं. तेच पान, तिसऱ्यांदा.

"अन् हे बघा आमचे पंडित," मंदाबाईंची भाकरी तव्यावर पडली ती थोडी जोरातच. "अमेरिकेतल्या बठ्ठ्या लोकायची नावं लिव्हली यानं. कोन कुठी जल्मला, कोन कुठी मेला. घरातल्या पोरीचं नाव लिव्हा म्हनायले तोंड उघडत नही."

"माय, हे भाऊबंदकीचं काम आहे. काका ऐकणार नाहीत," सर पुटपुटले.

दारात भूमिका चिखलाचे पाय धूत होती. "आजी, नाव नसलं म्हणून केळी काय उलटी लागणार आहेत का?" असं म्हणून हसली. पण पाय धुऊन झाल्यावरही ती पाणी ओततच राहिली. पायांवरचा चिखल केव्हाच गेला होता. फळीवरून मला सगळं दिसतं, मित्रांनो.

दुसऱ्या दिवशी सकाळी अंगणात सतरंज्या पडल्या. साठ-सत्तर भाऊबंद जमले. चुलीवर वांगी भाजल्याचा वास गल्लीभर सुटला होता. रुपचंदबाबा अंघोळीला गेले होते. वही जमिनीवर ठेवायची नसते, म्हणून जाताना त्यांनी ती लाल बासनासकट फळीवर ठेवली. माझ्या शेजारी.

आम्ही दोघांनी एकमेकांकडे बघितलं. तेच लाल कापड, तीच जाडी, तशीच दोरी. मी म्हणालो, राम राम. वही काही बोलली नाही. तिच्यात तीनशे वर्षांची माणसं कोंबलेली. तिला बोलायला जागा कुठे?

इतक्यात बन्सीलालकाका आत आले. हे मंदाबाईंचे चुलत दीर, भाऊबंदांत सगळ्यात मोठे. इस्त्रीची टोपी, हातात काठी, तोंडात नियम. वही डोक्यावर घेऊन सभेत न्यायचा मान त्यांचा. त्यांनी फळीकडे न बघताच भक्तिभावाने हात वर केले, बासन उचललं, टोपीवर ठेवलं आणि निघाले.

आणि मला एकदम उंचावरून अंगण दिसायला लागलं!

पुढे डफ वाजतोय. बायका हळदीकुंकू घेऊन उभ्या. बन्सीलालकाका मान ताठ धरून पावलं टाकताहेत. आणि त्यांच्या डोक्यावर तीनशे वर्षांची वंशावळ नाही, अमेरिकन साहित्य बसलंय! मित्रांनो, मला इतकं हसू आलं की माझी आठ-दहा पानं हलली. काकांना वाटलं, पूर्वज प्रसन्न झाले. त्यांनी चालता चालता हात जोडले.

मला पाटावर ठेवलं. हळद वाहिली, कुंकू वाहिलं, नारळ फुटला. रुपचंदबाबा फेटा बांधून आले, मांडी घालून बसले आणि मला मांडीवर घेतलं. दोरी सोडताना त्यांची बोटं जराशी अडखळली. ती उलटी गाठ त्यांची नव्हती. मंदाबाई पहिल्या ओळीत बसल्या होत्या. त्यांनी गाठ पाहिली, आणि त्यांच्या भुवया पदराच्या काठापर्यंत गेल्या. स्वतःच्या हाताची गाठ कोणाला ओळखू येत नाही?

बासन उघडलं. रुपचंदबाबांनी मला मधेच कुठेतरी उघडलं. पान दोनशे बारा. बारीक इंग्रजी टाइप. तळाशी टिपा.

भाटबाबांच्या कपाळावर भर थंडीत घाम आला.

काय करणार बिचारे? वही बदलली, असं सत्तर माणसांसमोर म्हणायचं, तर ज्या भाटाला आपली वही सांभाळता आली नाही त्याला बऱ्हाणपुरापासून पारोळ्यापर्यंत कोण उभं करील? आणि डोक्यावर मिरवून आणलेल्या बन्सीलालकाकांचं काय होईल? त्यांनी डोळे मिटले. एक श्वास घेतला. आणि गायला लागले.

सगळं पाठ होतं हो त्यांना! कोण कुठल्या राजाच्या वेळी गुजरातेतून निघाला, तापी कुठे ओलांडली, कोणत्या विहिरीवर पहिली मोट चालली. बाप, त्याचा बेटा, त्याचा बेटा. बारा पिढ्या धडाधड. मधूनमधून माझ्या पानावरून बोट फिरवायचे, चष्मा वर सरकवायचे, पान उलटायचे. बाराव्या पिढीपर्यंत आम्ही नव्वद पानं पुढे आलो होतो. माझ्या मिसिसिपीवरून सावद्याच्या भाऊबंदांचे पूर्वज बैलगाड्या घेऊन पार झाले.

योगराज सर बाजूच्या ओळीत होते. आपलं लेकरू कितीही लांबून, कितीही उलटं दिसलं तरी आईबापाला ओळखू येतं. त्यांनी डोळे बारीक केले. मग मोठे केले. मग चष्मा काढून धोतराला पुसायला गेले, आणि धोतर नसल्यामुळे तो पँटलाच पुसला गेला. ते उठायला लागले. मंदाबाईंनी नुसतं वळून पाहिलं. ते बसले.

रुपचंदबाबा आता शेवटी आले. "...त्याचा बेटा योगराज." आवाज थांबला. बन्सीलालकाकांनी कलमदान पुढे सरकवलं. आता रेघ.

"बाबा," मंदाबाई म्हणाल्या, "चष्मा नीट लावा. पुढं काय लिव्हलंय ते वाचा ना."

"वहिनी, मधी बोलू नका," बन्सीलालकाका गुरकावले. "ते वही वाचून राह्यले."

"मी कुठी बोलते, भाऊजी? मी त वही आयकते. वहीत असन तेच ते वाचतीन. नही का हो बाबा? वहीत हाये तेच वाचता ना तुम्ही?"

रुपचंदबाबांनी वर पाहिलं. ब्याऐंशी वर्षांची ती बाई शांतपणे त्यांच्याकडे बघत होती. तिला सगळं माहीत आहे, हे त्यांना कळलं. ती सांगणार नाही, हेही कळलं. आणि त्याच्या बदल्यात काय हवंय, तेही.

चुलीवर एक वांगं फुटल्याचा आवाज आला.

भाटबाबांनी माझ्या पानावर बोट ठेवलं. घसा खाकरला. आणि घंटेसारख्या आवाजात म्हणाले:

"योगराज. त्याची लेक भूमिका."

कोणाच्या तरी हातातलं पानाचं तबक खाली पडलं. बन्सीलालकाका काठी आपटत उभे राहिले. "असं कसं? काल त नव्हतं! पाहू द्या मले ती वही!"

"वही हीच हाये, बन्सीलालभाऊ," रुपचंदबाबा म्हणाले. "तुमीच त डोक्यावरून आनली."

बायकांमध्ये खसखस पिकली. पण काका थांबले नाहीत. दोन पावलं पुढे आले, हात पुढे केला. आणखी एक पाऊल, आणि सत्तर माणसांना पान तीनशे दोन दिसलं असतं. भाटाची अब्रू, मंदाबाईंचं धाडस, पोरीचं नाव, सगळं माझ्या उघड्या पानावर पडलं होतं.

तेव्हा योगराज सर उठले. मधे येऊन उभे राहिले. तीस वर्षं वर्गात घुमलेला त्यांचा आवाज, सावद्याच्या त्या अंगणात मी पहिल्यांदा ऐकला.

"काका, भाटाची वही भाऊबंदाने हातात घ्यायची नसते. मी सात वर्षांचा असताना वहीला हात लावला, तेव्हा तुम्हीच माझा कान पिळला होता. दस्तूर आहे ना?"

काकांचा हात हवेतच राहिला.

"आणि दुसरं," सर सभेकडे वळले. "हे मी काल बोलायला हवं होतं. खरं तर सत्तावीस वर्षांपूर्वीच. माझ्यापुढे रेघ नाही. माझ्यापुढे माझी मुलगी आहे. वहीतून वाचलंय, सभेने ऐकलंय. ज्याला हे खोटं वाटतं, त्याने तिच्या बागेत जाऊन केळीचे घड मोजावे."

मित्रांनो, तुम्हाला एक गंमत सांगतो. पान दोनशे बारावर सरांनीच लिहिलेलं होतं, की गुलामांच्या मालकांकडे वह्या असत, त्यात माणसांची नोंद बैलांच्या आणि नांगरांच्या मधल्या ओळीत असे. कित्येकांना नावच नसे. मग त्यातल्या काही माणसांनी चोरून अक्षरं शिकून घेतली आणि स्वतःचं नाव स्वतःच्या हाताने लिहिलं. हे वाक्य सरांनी शेकडो मुलांना समजावलं होतं. त्यांना स्वतःला ते त्या दिवशी समजलं.

बन्सीलालकाकांची पंचाईत झाली. वही खोटी म्हणावी, तर आपल्या नातवाचं नावही त्याच वहीत. ते हळूच खाली बसले. "वहीत हाये त हाये," ते म्हणाले. "मी काय वहीच्या पुढं हाये का?" आणि टोपी सारखी केली.

शेवटच्या नावाला भाट नारळ देतो. रुपचंदबाबांनी हाक मारली, "भूमिका!" ती मागे दाराशी उभी होती. शेतातून तशीच आलेली, हातात घड कापायचा विळा, कपड्यांवर केळीचे काळे डाग. कोणी तरी विळा काढून घेतला. तिने दोन्ही हातांनी नारळ घेतला. व्यापाऱ्यांना घाम फोडणारी ती पोर नारळ छातीशी धरून आजीच्या शेजारी जाऊन बसली.

जेवणं झाली. भरीत-भाकरीवर माणसं तुटून पडली. मग रुपचंदबाबा मला घेऊन हळूच बाहेरच्या खोलीत आले. फळीवरून खरी वही काढली, तिला कपाळ लावलं, आणि मंदाबाईंसमोर बसले.

"अक्का, तुम्ही सगळं पाह्यलं."

"मी काय पाह्यलं? माहे डोये आता तितके राह्यले नही, बाबा."

भाटबाबा पोट धरून हसले. डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसले. मग गंभीर झाले. "भाटानं सभेत बोललं, अन् ते वहीत नही निघालं, त वही खोटी अन् भाटबी खोटा. माझ्या आज्याचा दस्तूर मोठा खरा. पन त्याच्याहून मोठा दस्तूर हा." त्यांनी कलम शाईत बुडवलं आणि खऱ्या वहीत, योगराज या नावापुढे, जिथे रेघ यायची होती तिथे, ठसठशीत लिहिलं. शाई वाळेपर्यंत मंदाबाई त्यावर पदराने वारा घालत होत्या.

जाताना रुपचंदबाबांनी मला उचलून पाहिलं. शेवटची कोरी पानं उलटली. "ही अमेरिका मोकयीच हाये की."

मंदाबाईंनी ती पानं पाहिली. मग म्हणाल्या, "बाबा, तुमच्या वहीत एक नाव मावलं, लई झालं. बाकीची अढी लिव्हता का?"

"कोनाची?"

"माह्या मायचं. ताईबाई. पारोयाकडची होती. साठ वर्षं झाली, ते नाव कोनी घेतलं नही."

रुपचंदबाबांनी लिहिलं. पहिल्या कोऱ्या पानावर, वरच्या ओळीत: ताईबाई. मग सरांच्या पत्नीने आपल्या आईचं नाव सांगितलं. मग भांडी घासणाऱ्या बायका हात पुसत आत आल्या. "माह्या आजीचं लिव्हजा, बाबा." "माह्या सासूच्या सासूचं, तिले बठ्ठे बयो म्हनत, खरं नाव चंद्रभागा." संध्याकाळपर्यंत खोली भरली होती. शेवटी दारात काठीचा आवाज आला. बन्सीलालकाका. कोणाकडे न बघता म्हणाले, "माह्या मायचं नाव भागीरथी होतं. जागा असन त लिव्हा." आणि गेले.

त्या दिवसापासून मी फळीवर नसतो. बाहेरच्या खोलीत टेबलावर असतो, उघडा. गावातल्या बायका येतात, नाव सांगतात, भूमिका लिहून घेते. योगराज सर चहा करतात. कधी कधी मागे पानं उलटून एखादीला माझ्या अमेरिकेतली गोष्टही सांगतात. परवा एक आजी म्हणाली, "ह्या तुमच्या मिसिशिपीच्या बाया आपल्यासारख्याच दिसतात." एवढं मोठं परीक्षण माझं आजवर कोणी लिहिलेलं नाही.

तर मित्रांनो, पुस्तकांना फूल वाहा, पण त्यांना उघडतही जा. पापडांवर ठेवलंत तरी चालेल, पापड काढल्यावर दोन पानं वाचा. आणि तुमच्या आजीच्या आईचं नाव काय होतं, ते आज विचारा. उद्यावर टाकू नका. आजी हसेल, पदर तोंडाला लावेल, म्हणेल, "आता ते कशाले?" तरी विचारा.

मी सुरुवातीला म्हणालो, मला थापा मारायची सवय आहे. स्वल्पविराम वितळले नसतील. गार्ड खाली उतरला नसेल. केळीशेजारी ठेवून सातवं प्रकरण खरंच पिकलं का, यावर माझा आणि सरांचा अजून वाद आहे. पण माझ्या शेवटच्या पानांवर आजपर्यंत एकशे सात नावं आहेत, आणि त्यातलं एकही खोटं नाही.

अजून एकतीस पानं कोरी आहेत. आजीला विचारून या. जागा आहे.